आजीने जोडलेली फिल्म आणि मूकपटांच्या काळातील स्त्रिया : नागपुरात शोध कुठून सुरू करावा?

महालकर (मूळ प्रश्न)

नमस्कार. मी नागपूरला राहते आणि माहितीपट तयार करते. गेले दीड वर्ष मूकपटांच्या काळातील भारतीय स्त्रियांवरच्या एका माहितीपटाची तयारी चालू आहे. त्याची मांडणी सुरुवातीला माझ्या मनात अगदी पक्की होती. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तेव्हा त्यातली तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने केली होती. दादासाहेब फाळक्यांच्या पाठोपाठच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी झाली. १९२६ मध्ये फात्मा बेगम यांनी ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला, आणि १९३२ मध्ये प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’त दुर्गाबाई खोटे यांनी पुन्हा तारामतीच साकारली. एका तारामतीपासून निघायचे आणि दुसऱ्या तारामतीपाशी पोहोचायचे, असा तो आराखडा होता.

गेल्या दिवाळीत नागपूरच्या महाल भागातल्या आमच्या जुन्या घराचा माळा आवरताना एक पत्र्याचा डबा सापडला आणि हा आराखडा माझ्या मनातून उतरला.

माझे आजोबा १९४० च्या दशकात फिरत्या सिनेमावर ऑपरेटर होते. रामटेकच्या जत्रेत, उमरेड-काटोलकडच्या बाजाराच्या गावी तंबू लागायचा, हे आमच्या घरात नेहमी अभिमानाने सांगितले जाई. आजीबद्दल मात्र ‘तीही हातभार लावायची’ एवढेच मी ऐकत आले. डबा सापडल्यावर बाबांना खोदून खोदून विचारले, तेव्हा त्या हातभाराचा अर्थ कळला. फाटलेली रिळे दुरुस्तीसाठी घरी यायची आणि ती आजी जोडायची. दुपारचा स्वयंपाक आटोपला की ती चूल पूर्ण विझवायची, राखेवर पाणी शिंपडायची आणि त्यानंतरच डबा उघडायची. पाटावर धुतलेले पांढरे धोतर अंथरून बसायची. दाढीच्या अर्ध्या पात्याने फिल्मच्या टोकावरचा थर खरवडायची, बारीक ब्रशने सिमेंटचा, म्हणजे फिल्म चिकटवण्याच्या द्रावाचा, एकच हात द्यायची, दुसरे टोक भोकावर भोक बसवून ठेवायची आणि अंगठ्याने दाबून धरून ओठांतल्या ओठांत आकडे मोजायची. त्या सिमेंटला पिकलेल्या केळ्यांचा वास यायचा, असे बाबा सांगतात. या कामाचा तिला कधी एक पैसा मिळाला नाही आणि तसा तो मिळावा असे कुणाला सुचलेही नाही.

डब्यात तळहाताएवढ्या व्यासाचे रीळ आहे. झाकण उघडताच घशाला झोंबणारा वास आला. बाहेरचे वेढे तपकिरी पडून एकमेकांना चिकटले आहेत. आतले टोक मोकळे आहे, आणि ते खिडकीच्या उजेडात धरले तर डोक्यावरून पदर घेतलेली एक स्त्री दिसते. तिच्या मागे कमान आहे. एवढेच.

मला तीन गोष्टींत जाणकारांची मदत हवी आहे. या रिळाचे काय करावे, ही पहिली. चित्रपटांच्या त्या काळाची, आणि विशेषतः त्यातील स्त्रियांची, कागदोपत्री खूण नागपुरात कुठे शोधावी, ही दुसरी. तिसरी गोष्ट मला सर्वांत अवघड वाटते. भारतात १३०० च्या आसपास मूकपट निघाले आणि त्यांतले ३०सुद्धा आज हाती नाहीत. जे आहेत त्यांतलेही काही तुकड्यांच्याच रूपात आहेत. ज्यांचे चित्रच उरले नाही, आणि माझ्या आजीसारख्या ज्यांचे चित्र कधी काढलेच गेले नाही, अशा स्त्रिया पडद्यावर प्रामाणिकपणे कशा दाखवायच्या? माझे छायाचित्रकार मित्र नाट्यरूपांतर करा म्हणतात. माझे मन त्याला धजत नाही.

यंत्रघर

ताई, पहिला प्रश्न आधी हातावेगळा करा, आणि तोही याच आठवड्यात. मी नागपुरातल्या एकपडदा टॉकीजच्या मशीन रूममध्ये तीस वर्षांहून अधिक काळ काढला आहे, आणि ज्यांच्या हाताखाली शिकलो त्यांनी नायट्रेटची फिल्म चालवलेली होती. त्यांनी दिलेली पहिली शिकवण याच फिल्मच्या धाकाची होती.

१९५०-५१ पर्यंतची ३५ मिलिमीटरची बहुतेक फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. कडेला इंग्रजीत ‘सेफ्टी’ अशी बारीक अक्षरे दिसली नाहीत, तर ती नायट्रेट आहे असे समजूनच वागा. पुढच्या काळातली ॲसिटेटची, म्हणजे ‘सेफ्टी’ फिल्म खराब होऊ लागली की तिला शिरक्याचा वास येतो. तुम्ही लिहिता तो घशाला झोंबणारा वास, तपकिरी रंग आणि चिकटलेले वेढे ही नायट्रेट कुजण्याची लक्षणे आहेत. याच्या पुढच्या पायरीला त्यावर फेस आल्यासारखे फुगवटे येतात आणि शेवटी डब्यात तपकिरी भुकटी उरते.

ही फिल्म पेटली तर तिला बाहेरच्या हवेची गरज लागत नाही. जळण्यासाठी लागणारा प्राणवायू तिच्या स्वतःच्याच घटनेत असतो, म्हणून ती पाण्याखालीही जळत राहते आणि तिचा धूर विषारी असतो. कुजत चाललेले रीळ बंद डब्यात ४१ अंशांच्या आसपासच्या उष्णतेत बराच काळ राहिले तर ते आपोआपही पेटू शकते. मे महिन्यात आपल्याकडे सावलीतला पारा ४५ च्या पुढे जातो. पत्र्याखालच्या माळ्यावर काय होत असेल याचा हिशेब तुम्हीच करा. इतकी वर्षे काही झाले नाही, या आधारावर आणखी एक उन्हाळा काढू नका.

डबा घरातल्या सर्वांत थंड, हवेशीर आणि माणसे झोपत नाहीत अशा जागी ठेवा. झाकण घट्ट लावू नका, कारण आतला वायू बाहेर पडायला वाट हवी. घरच्या फ्रिजमध्ये ठेवू नका. चिकटलेले वेढे सोडवण्याचा प्रयत्न करू नका. मोकळ्या टोकाची छायाचित्रे खिडकीच्या उजेडात घ्या, मागे दिवा लावू नका. ते रीळ कोणत्याही प्रोजेक्टरवर चढवू नका, आणि कुरिअरने, रेल्वेने किंवा ट्रॅव्हल्सच्या गाडीतून पुण्याला पाठवण्याचा विचारही करू नका. नायट्रेट फिल्मची साठवण आणि वाहतूक यांवर १९४८ पासून स्वतंत्र नियम आहेत आणि ते पाहणाऱ्या पेट्रोलियम व विस्फोटक सुरक्षा संघटनेचे मुख्यालय आपल्याच सेमिनरी हिल्सवर आहे. तिथे लेखी विचारणा करा आणि त्याच वेळी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला छायाचित्रांसह कळवा. ते १९६४ मध्ये स्थापन झाले आणि २०२२ पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले आहे. पुण्यातच जानेवारी २००३ मध्ये नायट्रेटच्या कोठाराला आग लागून न भरून येणारे नुकसान झाले, त्यामुळे या विषयाचे गांभीर्य तिथे कुणाला समजावून सांगावे लागणार नाही.

आता तुमच्या आजींविषयी. चूल विझवून राखेवर पाणी शिंपडणारी बाई हातात काय आहे हे पुरेपूर जाणून होती. टॉकीजच्या मशीन रूममध्ये वाळूच्या बादल्या, झरोक्यांवर पडणारी लोखंडी झडप आणि विडी-काडीला बंदी हे सगळे परवान्याच्या अटींमुळे असे. आजींनी स्वयंपाकघरात तीच शिस्त कोणत्याही परवान्याशिवाय पाळली. आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. फिल्मचा जोड कच्चा असला तर ती मशीनच्या गेटमध्ये, म्हणजे झोतासमोरून सरकते त्या खाचेत, अडकते, आणि समोर कार्बनच्या दिव्याचा प्रखर झोत असताना नायट्रेट फिल्म क्षणभर थांबली तरी पेट घेते. जत्रेतल्या कापडी तंबूत शेकडो माणसे बसलेली असताना त्यांची सुरक्षितता जोड देणाऱ्याच्या अंगठ्यावर होती. हे काम ‘हातभार’ या शब्दात मावत नाही.

जुनी पाने

महालकर ताई, तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर थोडे विस्ताराने लिहितो, कारण विदर्भातील जुनी वृत्तपत्रे आणि सरकारी कागद चाळण्यात माझी बरीच वर्षे गेली आहेत.

नागपूर १९५६ पर्यंत मध्य प्रांत आणि वऱ्हाडची, पुढे जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी होते. हे सोडून आपण मुंबईच्या दफ्तरात नागपूरच्या सिनेमाचे कागद शोधत बसलो तर हात रिकामेच राहतात. १९१८ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याने चित्रपट दाखवण्याचा परवाना जिल्हा दंडाधिकाऱ्याच्या हाती दिला, आणि या कायद्याची दोन अंगे होती : काय दाखवले जाते यावर नियंत्रण आणि प्रेक्षकांची आगीपासून सुरक्षा. त्यामुळे सिव्हिल लाइन्समधल्या जुन्या सचिवालयाच्या इमारतीतील अभिलेखागारात जाल तेव्हा केवळ ‘सिनेमा’ या नोंदीखाली शोधू नका. जत्रेची व्यवस्था, आगीचे नियम, करमणूक कर आणि पोलीस बंदोबस्त या नोंदींखाली शोधा. फिरत्या तंबूने प्रशासनाला जिथे जिथे काळजी लावली, तिथे तिथे त्याचा कागद तयार झालेला असणार. आजोबांच्या मालकाचे नाव बाबांना आठवत असेल तर तेही सोबत न्या.

याहून मोलाचा एक दस्तऐवज घरबसल्या वाचता येतो. ऑक्टोबर १९२७ मध्ये सरकारने टी. रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली भारतीय सिनेमॅटोग्राफ समिती नेमली. तिने देशभर फिरून ३५३ साक्षीदार तपासले आणि १९२८ मध्ये अहवाल दिला. या दौऱ्यात समिती नागपूरलाही आली होती आणि इथल्या साक्षी छापील खंडांत प्रश्नोत्तरांच्या स्वरूपात आहेत. ते खंड आज इंटरनेटवर विनामूल्य मिळतात. प्रतिष्ठित घरांतील स्त्रिया पडद्यावर का येत नाहीत, हा विषय या साक्षींत ठिकठिकाणी निघतो, आणि उत्तर देणारे बहुसंख्य पुरुष आहेत. ते वाचताना मला दरवेळी जाणवते की स्त्रियांबद्दल बोलणे भरपूर झाले आहे, त्यांच्याशी बोलणे मात्र फार थोडे. तुमच्या माहितीपटात ही प्रश्नोत्तरे कुणाकडून तरी सरळ, अभिनय न करता वाचून घेतली, तरी तो काळ ऐकू येईल.

तिसरे साधन वृत्तपत्रांतील जाहिराती. नागपुरात ‘हितवाद’ १९११ पासून आणि गोपाळराव ओगले यांचे ‘महाराष्ट्र’ १९१४ पासून निघत होते. जाहिरातीत चित्रपटाच्या नावाखाली ‘स्त्रियांसाठी बसण्याची स्वतंत्र सोय’ अशी ओळ येते, ती नजरेआड करू नका. पडद्यावर किती स्त्रिया होत्या याचा इतिहास आपण लिहितो; पडद्यासमोर त्या कोणत्या बाकावर, कोणत्या दाराने, कोणत्या खेळाला येऊन बसल्या, याचा इतिहास या एका ओळीत दडलेला आहे. विदर्भ साहित्य संघ १९२३ चा आहे. तिथल्या ग्रंथालयातही जुन्या मासिकांसाठी एक फेरी मारा. आणि शांता आपटे यांचे १९४० चे ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक मिळवून वाचाच. १९३९ साली करारावरून, ज्या कंपनीत काम करीत होती तिच्याच दारात उपोषणाला बसलेल्या नटीने या धंद्याबद्दल लिहिलेले ते पुस्तक आहे. ते बोलपटांच्या काळातले असले तरी, चित्रपटात काम करणाऱ्या स्त्रीने आपल्या कामाला ‘काम’ म्हणून मोजले जावे असा हट्ट धरल्याचे इतके स्पष्ट मराठी उदाहरण माझ्या वाचनात दुसरे नाही.

एक विनंती आहे. आपल्याकडची हानी ही केवळ आपल्याच दुर्लक्षाची गोष्ट आहे असे मांडू नका. फ्रान्समध्ये ॲलिस गी यांनी १८९६ पासून चित्रपट दिग्दर्शित केले, गोमों कंपनीची निर्मिती सांभाळली, पुढे अमेरिकेत १९१० मध्ये स्वतःची सोलॅक्स कंपनी काढली. आणि तरीही उतारवयात आपलेच चित्रपट आपल्या नावावर लागावेत म्हणून त्यांना स्वतः याद्या करत बसावे लागले. त्या १९६८ मध्ये गेल्या आणि त्यांचे आत्मकथन १९७६ मध्ये छापले गेले. जिथे कागद जपले जातात अशा देशातही बाईचे नाव कागदावरून गळले, हे सांगितले तर तुमच्या आजींची गोष्ट महालातल्या एका माळ्यापुरती राहणार नाही.

झाडीपट्टी

मी गडचिरोली जिल्ह्यातल्या वडसा भागातला आहे आणि आमच्या घरात तीन पिढ्या नाटकाच्या आहेत, म्हणून एकाच मुद्द्यावर लिहितो. तुमच्या मूळ आराखड्यात अण्णा साळुंके हे स्त्रीच्या जागी बसलेले पुरुष म्हणून येतात. कृपया त्यांना हसण्याचा विषय होऊ देऊ नका. ग्रँट रोडवरच्या एका खाणावळीत काम करणारा तो तरुण होता. तिथे महिना १० रुपये मिळत होते आणि फाळक्यांनी १५ देऊ केले. १९१७ च्या ‘लंका दहन’मध्ये त्याने राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. आमच्याकडच्या दंडार आणि खडी गंमत या लोकनाट्यांत लुगडे नेसून उभे राहणारे पुरुष मी लहानपणी जवळून पाहिले आहेत. पदर सावरताना कोपर किती उचलायचे, पाण्याची घागर रिकामी असूनही कमरेला भार कसा दाखवायचा, हे ते घरातल्या बायकांकडे पाहून शिकत आणि माझी आजी त्यांना चुका दाखवून देत असे. म्हणजे पुरुषाने केलेल्या त्या स्त्रीतही एका स्त्रीची शिकवण होती. साळुंक्यांची तारामती दाखवाल तेव्हा हेही मनात असू द्या.

कात्री

मी संकलक आहे, नागपुरातच वाढले. तुमच्या तिसऱ्या प्रश्नाने मला दोन रात्री झोप येऊ दिली नाही, म्हणून सविस्तर लिहिते.

‘पहिली अभिनेत्री’, ‘पहिली दिग्दर्शिका’ या पाट्या उपयोगाच्या आहेत, पण त्या वापरल्या की आपले लक्ष केवळ श्रेयनामावलीत नाव आलेल्या स्त्रियांवर खिळते. दुर्गाबाई कामतांचे धैर्य मोठेच होते. नवऱ्यापासून वेगळे होऊन, एकटीने मुलगी वाढवत, नाटक मंडळीबरोबर फिरणारी ती बाई कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. तरी तुमचा माहितीपट मला त्यांच्या आधीच्या एका स्त्रीपासून सुरू झालेला पाहायचा आहे. दादासाहेबांच्या पत्नी सरस्वतीबाई फाळके. ‘राजा हरिश्चंद्र’साठी त्यांचे दागिने गेले, ही गोष्ट सगळे सांगतात, कारण बाईने दागिने देणे आपल्याला ओळखीचे वाटते. त्यांनी केलेले तांत्रिक काम फारसे कुणी सांगत नाही. चमूतल्या ६०-७० माणसांचा स्वयंपाक त्या करीत, उन्हात पांढऱ्या चादरी धरून प्रकाश परतवीत, रसायने मिसळीत आणि रात्री काळोखात कच्च्या फिल्मला भोके पाडीत.

या भोकांपाशी जरा थांबा. त्या काळी कच्ची फिल्म भोकांविना येई आणि भोके पाडण्याचे यंत्र फाळक्यांनी कॅमेऱ्याबरोबरच विलायतेतून आणले होते. प्रमाणित ३५ मिलिमीटर फिल्मवर एका फुटात १६ चौकटी बसतात आणि प्रत्येक चौकटीला दोन्ही कडांवर चार-चार भोके असतात, म्हणजे फुटाला १२८. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३७०० फूट होती. गुणाकार केला तर केवळ तेवढ्या लांबीची भोके पावणेपाच लाखांच्या घरात जातात, आणि यात वाया गेलेली फिल्म व निगेटिव्ह धरलेलीच नाही. यंत्र एका दाबात एकापेक्षा अधिक भोके पाडत असले तरी हा हिशेब काय सांगतो ते पाहा. भोकांमधले अंतर केसभर चुकले तर पडद्यावरचे चित्र थरथरते. आपण ज्याला भारतीय चित्रपटाचा पहिला प्रकाश म्हणतो, तो पडद्यावर स्थिर राहिला तो काळोखात बसलेल्या एका बाईच्या हातामुळे.

म्हणून नाट्यरूपांतराबाबत माझे मत असे आहे. मंद प्रकाशात नऊवारी नेसलेली नटी खिडकीतून बाहेर पाहते आहे, मागे सतार वाजते आहे, असले काही करू नका. त्यातून एक भावना मिळते पण त्या बाईंविषयी काहीच कळत नाही. तुमच्या आजीने जे केले तेच काम आजच्या हातांकडून, खऱ्या वेळात करून घ्या. सुरक्षित फिल्म घ्या, ब्लेड घ्या, सिमेंट घ्या. यंत्रघर काकांसारखे जाणकार समोर बसवा आणि एक जोड सुरुवातीपासून शेवटपर्यंत, मध्ये कुठेही न कापता दाखवा. चेहरा दाखवू नका. खरवडण्याचा आवाज स्वच्छ ध्वनिमुद्रित करा. आकडे मोजण्याच्या वेळी बाबांचा आवाज येऊ द्या. चेहरा नसल्यामुळे कुणाचेही सोंग घेतले जात नाही आणि काम मात्र पूर्ण दिसते.

जिथे खरे चित्र उरले आहे तिथे ते पोटभर वापरा. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’चा बराच भाग शिल्लक आहे आणि त्यात कृष्ण झाली आहे ती फाळक्यांची मुलगी मंदाकिनी, अवघी सात वर्षांची. चित्रपटाच्या आरंभी तिच्या साध्या चेहऱ्यावरचे निरनिराळे भाव दाखवले आहेत आणि मग त्याच चेहऱ्यातून कृष्ण प्रकट होतो. वडिलांनी आधी ‘ही माझी मुलगी’ असे प्रेक्षकांना सांगितले आणि नंतर देव दाखवला. ‘लंका दहन’मध्ये पुरुष सीता होतो आणि दोनच वर्षांनी मुलगी कृष्ण होते. झाडीपट्टी यांनी जे लिहिले त्याच्या शेजारी हा तुकडा ठेवलात तर तुम्हाला निवेदनाची गरज भासणार नाही.

आणखी एक. ‘मोहिनी भस्मासुर’मधल्या मोहिनी, कमलाबाई गोखले, नव्वदीला टेकलेल्या असताना रीना मोहन यांनी त्यांच्यावर माहितीपट केला आणि तो १९९२ पासून उपलब्ध आहे. तो पुन्हा पाहा. इतिहासाची साक्ष म्हणून बसवलेली वृद्धा त्यात नाही. स्वतःच्या आठवणींवर हक्क सांगणारी, जुन्या नाटकांतल्या जागा आजही करून दाखवणारी नटी आहे. तुमचे बाबा आहेत तोवर त्यांच्याशी तसे बोला. आजोबांच्या सिनेमाबद्दल त्यांना अनेकांनी विचारले असेल. आईच्या कामाबद्दल विचारणाऱ्या तुम्हीच पहिल्या असाव्यात.

महालकर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. यंत्रघर काकांचा प्रतिसाद वाचला त्याच संध्याकाळी डबा माळ्यावरून काढून मागच्या पडवीत, भिंतीच्या सावलीत ठेवला आणि झाकण सैल केले. सेमिनरी हिल्सच्या कार्यालयात अर्ज दिला आहे आणि पुण्याला छायाचित्रे पाठवली आहेत. रंगाचारियर समितीच्या नागपूरच्या साक्षी वाचायला घेतल्या आहेत. एका तारामतीपासून दुसऱ्या तारामतीपर्यंतचा आराखडा मी बाजूला ठेवला. आता आरंभ फुटाला १२८ भोकांपासून होईल. झाडीपट्टी, तुमच्या आजींनी चुका कशा दाखवल्या, हे मला कॅमेऱ्यावर हवे आहे. तुमची तयारी असेल तर मी वडशाला येते.

छायाचित्रे घेताना झाकणाची आतली बाजू पहिल्यांदा नीट पाहिली. गंजाखाली पेन्सिलीने काही लिहिलेले आहे. एका खाली एक अशा चार ओळी आहेत : ‘१ – ११’, ‘२ – ४’, ‘३ – १७’, ‘४ – ७’. आधी वाटले, वाणसामानाचा हिशेब असावा.

यंत्रघर

ताई, वाणसामानाचा हिशेब रिळाच्या डब्यात कशाला असेल? डावीकडचा आकडा रिळाचा आणि उजवीकडचा जोडांचा. प्रिंट वितरकाकडे परत जाताना तिची अवस्था तपासली जाई, आणि आपल्याकडे आल्यावर कोणत्या रिळाला किती जोड पडले याची नोंद जवळ नसेल तर सगळी नुकसानी ऑपरेटरच्या पगारातून कापली जाण्याची भीती असे. आम्हीही डब्याच्या झाकणात असेच लिहीत होतो. हे अक्षर आजोबांचे आहे की आजींचे, ते पाहता येईल का?

महालकर

आजी चौथीपर्यंत शिकली होती. तिची किराण्याची एक वही आत्याकडे आहे, ती काल मागवून घेतली. तिच्या ७ ची शेपटी खाली जाऊन डावीकडे वळते आणि तिथे पेन्सिल थांबल्याचा एक ठिपका उमटतो. झाकणावर ७ दोनदा आला आहे, आणि दोन्ही ठिकाणी तो ठिपका आहे.